सात इंची लॅपटॉप घ्यावा का?

साखळीच्या एका तरुण वार्ताहराचा प्रश्न थोडक्यात असा आहे. ते एका मराठी दैनिकासाठी लिहितात, जवळपास रोज कदंब बसने पणजीला ये-जा करतात, आणि ग्रामसभा असो, मोर्चा असो वा न्यायालयाचे आवार, बसायला जागा मिळेल याचा भरवसा नसतो. घरचा साडेपंधरा इंची लॅपटॉप पाठीवर जड होतो आणि मोबाईलवर लांब मजकूर लिहवत नाही. परदेशातून मागवता येणाऱ्या सात इंची लॅपटॉपची जाहिरात त्यांनी पाहिली आहे आणि पन्नास हजारांपर्यंत खर्च करण्याची त्यांची तयारी आहे. तो घ्यावा का, हा त्यांचा पहिला प्रश्न. प्रोसेसर इतके लहान झाले असताना खिशात मावणारा पूर्ण संगणक आपल्याकडच्या दुकानात का दिसत नाही, हा दुसरा.

मी म्हापशात संगणक आणि लॅपटॉप दुरुस्त करतो. लहान यंत्रांची मला जुनी आवड आहे, त्यामुळे ती दुरुस्तीसाठी माझ्याकडे जरा जास्तच येतात. दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर आधी देतो, कारण त्यातूनच पहिल्याचे उत्तर निघते. लहान संगणक प्रोसेसरमुळे अडलेला नाही. ती अडचण १९८९ सालीच संपली होती. तो अडतो तो माणसाच्या बोटांच्या रुंदीवर, डोळ्यांच्या ताकदीवर, आणि लहानशा पेटीतून किती उष्णता बाहेर काढता येते यावर. या तिन्ही गोष्टी गेल्या चाळीस वर्षांत तसूभरही बदललेल्या नाहीत. त्यामुळे जी लहान यंत्रे लोकांनी खरोखर वापरली, त्यांच्या निर्मात्यांनी काय सोडून द्यायचे हे आधी ठरवले होते. ज्यांनी काहीच न सोडता सगळे लहान पेटीत कोंबण्याचा प्रयत्न केला, त्यांची यंत्रे कौतुकाची ठरली, पण कामाची फारशी ठरली नाहीत.

वार्ताहराच्या व्यवसायाशी थेट नाते असलेले उदाहरण प्रथम घेतो. १९८१ साली आलेल्या ऑस्बॉर्न १ या ‘उचलून नेता येणाऱ्या’ संगणकाचे वजन सुमारे ११ किलो होते आणि त्याचा पडदा होता पाच इंचांचा. त्यानंतर दोनच वर्षांनी जपानच्या क्योसेराने बनवलेला आणि टँडी कंपनीने विकलेला टीआरएस-८० मॉडेल १०० बाजारात आला. त्याच्यावर ४० अक्षरांच्या फक्त आठ ओळी दिसत. परंतु कीबोर्ड पूर्ण आकाराचा होता, साध्या चार एए सेलवर तो सुमारे वीस तास चाले, आणि आत मोडेम असल्याने टेलिफोनच्या तारेवरून मजकूर थेट कार्यालयात पाठवता येई. अमेरिकेतील वार्ताहरांनी तो पुढे कित्येक वर्षे सोडला नाही. पडदा सोडला, कीबोर्ड राखला. वार्ताहराला नेमके तेच हवे होते.

खिशाच्या दिशेने खरी वाटचाल १९८९ मध्ये सुरू झाली. त्या वर्षी अटारीचा पोर्टफोलिओ आणि पोकेट पीसी ही दोन यंत्रे आली. दोन्ही ८०८८ घराण्यातील प्रोसेसरवर चालत, म्हणजे त्यांच्यात आणि त्या काळी टेबलावर असलेल्या आयबीएम पीसीत तत्त्वतः फरक नव्हता. पोकेटची युक्ती पाहण्यासारखी आहे. त्यातला ८०सी८८ हा प्रोसेसर असा घडवलेला होता की त्याच्या कामाला ताल देणारे आतले घड्याळ मध्येच थांबवले तरी आतली माहिती जशीच्या तशी राहते. म्हणून दोन कळा दाबण्याच्या मधल्या काळात हे यंत्र प्रोसेसर चक्क थांबवून ठेवी. टंकलेखन करणारा माणूस कितीही वेगवान असला तरी प्रोसेसरच्या हिशेबाने तो बहुतेक वेळ रिकामाच बसलेला असतो, ही गोष्ट त्या अभियंत्यांनी नेमकी हेरली आणि दोन एए सेलवर पूर्ण संगणक चालवून दाखवला. १९९१ मध्ये ह्यूलेट-पॅकार्डने लोटस १-२-३ हा हिशेबाचा प्रोग्रॅम यंत्रातच बसवून ९५एलएक्स आणला आणि १९९४ मध्ये त्याच घराण्यातला २००एलएक्स आला. तो दोन सेलवर काही आठवडे चाले.

हे शक्य कसे झाले, याचा हिशेब सोपा आहे. दोन अल्कलाईन सेलमध्ये मिळून साधारण ५ ते ६ वॅट-तास ऊर्जा असते. आपल्या हातातल्या मोबाईलच्या ५००० मिलीअँपिअर-तासांच्या बॅटरीत सुमारे १९ वॅट-तास, म्हणजे तिपटीहून अधिक ऊर्जा असते. तरी मोबाईल संध्याकाळी चार्जर मागतो. फरक आहे तो पडद्यामागच्या प्रकाशाचा, सतत चालणाऱ्या रेडिओचा आणि मागे चालू राहणाऱ्या प्रोग्रॅमांचा. २००एलएक्सच्या पडद्यामागे दिवाच नव्हता. पणजीच्या बसस्थानकावर संध्याकाळी साडेसातला तो वाचता आला नसता, पण भर दुपारी उन्हात मोबाईलपेक्षा चांगला दिसला असता.

या जुन्या यंत्रांचे गोडवे इंग्रजीत पुष्कळ गायले जातात आणि ते वाचून काही जण ती आजही शोधत असतात. मराठी लिहिणाऱ्याने त्या नादी लागू नये. मॉडेल १०० च्या पडद्यावर आडवे २४० आणि उभे ६४ ठिपके होते, म्हणजे एका अक्षराच्या वाट्याला सहा गुणिले आठ ठिपके. एवढ्या चौकटीत रोमन अक्षर कसेबसे बसते. ‘र्की’ लिहायचे तर वर रफार आणि वेलांटी, मध्ये शिरोरेषा आणि खाली क. ‘द्धृ’ लिहायचे तर जोडाक्षराखाली आणखी ऋकार. आठ ठिपक्यांच्या उंचीत हे मावत नाही. आपल्या लिपीला सुरुवातीपासूनच अधिक बारीक पडदा आणि अधिक स्मरणशक्ती लागत होती. त्यामुळे इंग्रजीत जी यंत्रे १९८३ किंवा १९९१ मध्ये उपयोगाची झाली, तशी देवनागरीसाठी व्हायला बराच काळ लागला. आपल्याकडे बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतील आणि एन्कोर सॉफ्टवेअरमधील मंडळींनी मिळून आखलेला सिम्प्युटर हा या दिशेने झालेला प्रामाणिक प्रयत्न होता. लिनक्स या मोफत प्रणालीवर चालणारे, स्मार्टकार्ड घेणारे आणि भारतीय भाषांतला मजकूर बोलून दाखवू शकणारे ते हातातले यंत्र २००४ मध्ये अमिडा या नावाने विक्रीला आले. तोवर मोबाईल स्वस्त होऊ लागले होते आणि सिम्प्युटर फारसा खपला नाही. कल्पना चुकीची नव्हती, वेळ मात्र निघून गेली होती, असे माझे मत आहे.

काहीही न सोडण्याचा हट्ट विंडोजबरोबर आला. तोशिबाने १९९६ मध्ये जपानात लिब्रेटो २० काढला: सुमारे ८४० ग्रॅम वजन, ६.१ इंची पडदा आणि त्यावर पूर्ण विंडोज ९५. माउसच्या जागी पडद्याच्या उजव्या बाजूला अंगठ्याने हलवायची एक लहान कळ होती आणि क्लिक करण्याची बटणे झाकणाच्या मागच्या बाजूला, म्हणजे बोटे जिथे आधार घेतात तिथे होती. ही रचना आजही मला सुंदर वाटते, कारण उभ्याने दोन हातांत धरून ते यंत्र खरोखर चालवता येई. पण विंडोज ९५ मुळात टेबलावरच्या मोठ्या पडद्यासाठी आखलेले होते, त्यामुळे अक्षरे बारीक आणि बॅटरी अल्पजीवी. याच्या उलट ब्रिटनच्या सायन कंपनीने १९९७ मध्ये सिरीज ५ आणताना विंडोज सोडून स्वतःची ईपॉक ही प्रणाली लहान पडद्यासाठी मुद्दाम लिहिली, आणि झाकण उघडताच कीबोर्ड पुढे सरकेल अशी रचना केली. तिच्यावर दहा बोटांनी टंकलेखन करणारे लोक होते. त्याच ईपॉकची पुढची आवृत्ती सिम्बियन या नावाने नोकियाच्या फोनांतून आपल्या सर्वांच्या हातात पोहोचली.

पुढचे प्रकरण आपल्याला आठवत असेल. २००६ मध्ये मायक्रोसॉफ्टने ओरिगामी या नावाखाली सात इंची स्पर्शपडद्याच्या संगणकांची मोठी जाहिरात केली. महाग, गरम आणि दोन-तीन तासांत बॅटरी संपणारी ही यंत्रे चालली नाहीत. लगेच पुढच्या वर्षी असूसने ईई पीसी ७०१ आणला. सात इंची पडदा, ९२० ग्रॅम, फक्त ४ जीबी साठवण, विंडोजऐवजी लिनक्स, आणि किंमत नेहमीच्या लॅपटॉपच्या काही अंशच. हा मात्र तुफान खपला, कारण त्याने वेग, साठवण आणि दिमाख हे सगळे सोडून दिले होते. २००८ मध्ये इंटेलचा अ‍ॅटम प्रोसेसर आला आणि पुढची दोन-तीन वर्षे सगळ्याच कंपन्यांनी नेटबुक, म्हणजे असेच लहान आणि स्वस्त लॅपटॉप, काढले. गंमत अशी की एन२७० हा अ‍ॅटम जेमतेम अडीच वॅटचा होता, पण त्याच्या जोडीला दिलेला जुना चिपसंच, म्हणजे प्रोसेसरला स्मरणशक्तीशी आणि पडद्याशी जोडणाऱ्या चिप, त्याहून कितीतरी अधिक वीज खाई. अशी नेटबुके उघडल्यावर मोठा उष्णताशोषक प्रोसेसरऐवजी शेजारच्या चिपसाठी बसवलेला दिसे, आणि नवशिका मदतनीस हमखास चुकीच्या चिपवर उष्णता वाहून नेणारी पेस्ट लावी. शिवाय ८०० गुणिले ४८० च्या पडद्यावर विंडोजच्या कित्येक चौकटींचे ‘ओके’ बटण पडद्याच्या खाली जाऊन दिसेनासेच होई. हळूहळू नेटबुकवर पुन्हा पूर्ण विंडोज चढले, पडदे दहा इंचांचे झाले, किमती वाढल्या. २०१० मध्ये आयपॅड आला आणि त्यापाठोपाठ मोठ्या पडद्याचे फोन. ज्यांना फक्त वाचायचे, पाहायचे आणि दोन ओळी लिहायच्या होत्या ते सगळे ग्राहक तिकडे गेले. मागे उरले आपल्यासारखे, ज्यांना लांब मजकूर लिहायचा आहे. त्यांची संख्या एखाद्या मोठ्या कंपनीला दुकानात माल ठेवण्याइतकी नाही. आपल्या दुसऱ्या प्रश्नाचे सरळ उत्तर हे आहे.

आपण जाहिरातीत पाहिलेले यंत्र या उरलेल्यांसाठीच बनते. चीनमधील शेनझेनच्या जीपीडी कंपनीने २०१७ मध्ये लोकांकडून आगाऊ पैसे घेऊन ‘पॉकेट’ नावाचा सात इंची लॅपटॉप काढला आणि तेव्हापासून ती व तिच्यासारख्या दोन-तीन कंपन्या हा व्यवसाय करत आहेत. यंत्रे दिसायला देखणी आहेत आणि वेगही भरपूर आहे. आता आपल्या कामाच्या दृष्टीने त्यांच्याकडे पाहू.

पहिली गोष्ट कीबोर्डची. नेहमीच्या कीबोर्डवर एका कळेच्या मध्यापासून पुढच्या कळेच्या मध्यापर्यंत १९ मिलिमीटर अंतर असते आणि टॅबपासून उजव्या टोकापर्यंतची ओळ पंधरा कळांच्या रुंदीची भरते. म्हणजे २८५ मिलिमीटर. सात इंची यंत्राची पूर्ण रुंदीच १८० मिलिमीटरच्या आसपास असते. सर्व कळा सारख्याच आकुंचित केल्या तर एकेक कळ १२ मिलिमीटरची होईल आणि तिच्यावर दहा बोटे चालणार नाहीत. म्हणून निर्माते मधली रोमन अक्षरे जरा मोठी ठेवतात आणि उजव्या कडेची विरामचिन्हांची बटणे अर्धी करतात, वरच्या ओळीत ढकलतात किंवा एफएन ही कळ सोबत दाबल्यावरच उमटतील अशी लपवतात. इंग्रजी लिहिणाऱ्याला याचा त्रास थोडा होतो, कारण अर्धविराम आणि चौकटी कंस त्याला क्वचितच लागतात. पण इनस्क्रिप्ट या देवनागरी कळमांडणीत अर्धविरामाच्या जागी ‘च’ आहे, त्याच्या शेजारच्या अवतरणचिन्हाच्या जागी ‘ट’, चौकटी कंसाच्या जागी ‘ड’ आणि तिरप्या रेघेच्या जागी ‘य’. ‘पंचायतीच्या बैठकीत चर्चा’ एवढे लिहिताना उजवी करंगळी किती वेळा त्या अर्धवट कळांकडे धावते ते मोजून पाहा. जाहिरातीत किंवा परदेशी परीक्षणांत याविषयी एक अक्षरही सापडणार नाही. आपण रोमन अक्षरांवरून मराठी उमटवणारी पद्धत वापरत असाल तर हा आक्षेप बराच सौम्य होतो, हेही सांगितले पाहिजे.

दुसरी गोष्ट पडद्याची. सात इंचांत १९२० गुणिले १२०० ठिपके म्हणजे इंचाला सुमारे ३२३. अक्षर अतिशय रेखीव दिसते, पण वाचण्याजोगे करण्यासाठी दुप्पट मोठे करावे लागते, आणि मग कामाची जागा ९६० गुणिले ६०० एवढीच उरते. बातमी लिहायला ती पुरते. एका बाजूला न्यायालयाचा आदेश आणि दुसऱ्या बाजूला आपला मजकूर असे ठेवायचे असेल तर पुरत नाही. चाळिशी आलेल्या माणसाला मी हे यंत्र सुचवत नाही. आपण तरुण आहात, एवढ्यापुरता प्रश्न नाही.

तिसरी गोष्ट उष्णतेची, आणि ती गोव्यात अधिक बोचते. मोबाईलएवढ्या पृष्ठभागातून, हाताला चटका न बसता, साधारण ३ ते ५ वॅट उष्णताच सतत बाहेर टाकता येते. त्याहून अधिक हवी असेल तर पंखा लागतो, आणि लहान पेटीतला पंखा लहान, वेगवान व आवाजी असतो. त्याच्या पुढची तांब्याची जाळी इतकी दाट असते की वर्षभरात धुळीचा नमदा बसतो. त्यात आपली हवा दमट आणि खारट. कांदोळी-कळंगुटकडून येणाऱ्या यंत्रांच्या चार्जिंगच्या खाचेत हिरवट थर दिसतो, पंख्याच्या धारेवर चिकट काळी माती असते. वाळपईकडून येणाऱ्यांत मीठ नसते, पण पावसाळ्यानंतर पडद्याच्या थरांत बुरशीचे ठिपके दिसतात. मोठ्या लॅपटॉपमध्ये पंखा काढून, आयसोप्रोपिल अल्कोहोलने खाच धुऊन, काम तासाभरात होते. सात इंची यंत्रात पंख्यापर्यंत पोहोचण्यासाठी कधी कधी बॅटरी आणि मुख्य पट्टी (मदरबोर्ड) दोन्ही काढावी लागतात. बॅटरीही चपटी, पिशवीसारखी आणि त्या एका यंत्रापुरतीच बनवलेली. ती फुगली की आधी टचपॅड किंवा कीबोर्ड वर उचलला जातो, आणि बदली बॅटरी म्हापशात, पणजीत वा मडगावात मिळत नाही. ती मागवायची तर लिथियम बॅटरी विमानाने पाठवण्याचे निर्बंध आडवे येतात. साठवण आणि स्मरणशक्ती पट्टीला कायमची जोडलेली असेल तर पट्टी गेली की मजकूरही गेला असे समजावे.

आता निर्णयाकडे येतो. तो तीन गोष्टींवर अवलंबून आहे आणि त्या मला माहीत नाहीत, तुम्हालाच तपासाव्या लागतील. आपले कार्यालय मजकूर युनिकोडमध्ये, म्हणजे मोबाईलसह कोणत्याही यंत्रावर उमटणाऱ्या अक्षरांत, घेते की श्रीलिपी किंवा आयएसएम या मराठी टंकलेखनाच्या प्रोग्रॅमांच्या जुन्या फॉन्टमध्ये, हे आधी विचारा. जुन्या फॉन्टचा आग्रह असेल तर विंडोज लागेलच आणि टॅबलेट आपोआप बाद होतो. दुसरे, मजकूर खरोखर कुठे लिहिला जातो हे आठवडाभर पाहा. बहुतेक वार्ताहर उभ्याने टिपणे घेतात आणि सलग लेखन कुठेतरी टेकल्यावरच करतात, असे मी पाहिले आहे. तसे असेल तर खिशात मावण्याची अट तुम्ही स्वतःवर उगाच लादून घेतली आहे. तिसरे, हे यंत्र एकमेव असणार की घरच्या लॅपटॉपच्या जोडीला, यावर जोखीम ठरते.

युनिकोड चालत असेल आणि लेखन टेकूनच होत असेल, तर मी मोबाईलला जोडण्याचा एक बरा ब्लूटूथ कीबोर्ड आधी घ्यायला सांगेन. खर्च अगदी थोडा, पिशवीत सहज मावतो, आणि नाही जमला तर फार काही बुडत नाही. फक्त घडीचा कीबोर्ड घेताना मधल्या फटीमुळे कोणत्या कळा दुभंगल्या आहेत ते पाहा, आणि आपल्याच फोनला जोडून इनस्क्रिप्ट उमटते का हे पैसे देण्यापूर्वी दुकानातच तपासा. विंडोज हवे असेल तर कार्यालयांतून निघालेला, बारा-साडेबारा इंची, सव्वा किलोच्या आसपासचा वापरलेला लॅपटॉप तुमच्या अंदाजपत्रकाच्या निम्म्यात मिळतो. त्याचा कीबोर्ड पूर्ण रुंदीचा असतो आणि सुटे भाग इथेच मिळतात. माझ्याकडे येणाऱ्या बहुतेकांना मी हाच सुचवतो, आणि त्यांना तो कंटाळवाणा सल्ला वाटतो हेही मला ठाऊक आहे.

सात इंची यंत्र कुणाला शोभते, तर ज्याला उभ्यानेच पूर्ण विंडोज लागते त्याला. ठिकठिकाणच्या नेटवर्क कपाटांसमोर उभे राहून काम करणारे तंत्रज्ञ माझ्या ओळखीचे आहेत. जुन्या पद्धतीचा सिरियल पोर्ट आणि नेटवर्कची खाच असलेले सहा इंची यंत्र त्यांच्याकडे आहे आणि ते खूश आहेत. ते दोन आज्ञा टंकतात आणि झाकण मिटतात. रोज हजार शब्द त्यावर कुणी लिहिताना मी पाहिलेले नाही.

एवढे वाचूनही तेच घ्यावेसे वाटत असेल, तर घरच्या लॅपटॉपच्या जोडीलाच घ्या. त्या कीबोर्डचे चित्र प्रत्यक्ष आकारात कागदावर छापून पुठ्ठ्यावर चिकटवा आणि कालच्या बातमीचा पहिला परिच्छेद त्यावर टंकून पाहा. च, ट, ड आणि य कुठे सापडतात तिकडे विशेष लक्ष द्या. कुरिअरने स्वतःसाठी एक लॅपटॉप मागवण्यास २०२३ च्या आयातविषयक निर्बंधांतून सूट ठेवलेली होती; ती आजही आहे का ते तपासा. सीमाशुल्क मात्र भरावे लागते, तेव्हा ते धरूनच किंमत मोजा. चांगल्या प्रोसेसरचे यंत्र मग पन्नास हजारांच्या पुढे सहज जाते. आणि विक्रेत्याकडून बदली बॅटरीचा क्रमांक व ती भारतात पाठवली जाईल असे उत्तर लेखी मागून घ्या. ते देण्यास त्याने टाळाटाळ केली, तर यंत्र मागवू नका.